जुन्या तमिळ नायिकांसारखं नटताय? या चुका टाळा

कांजीवरम, गजरा, झुमके, कंबरपट्टा सगळं एकदम अंगावर चढवलं की फोटोत नायिका दिसत नाही, भरतनाट्यमला निघालेली मुलगी दिसते. गोंधळ दागिन्यांपासूनच सुरू होतो. ‘तिल्लाना मोहनांबाळ’मधली (१९६८) पद्मिनी डोळ्यांसमोर असते, पण तिथे ती नर्तकीच आहे. वाकी, कंबरपट्टा, भांगातले चंद्र-सूर्य हा रंगमंचाचा साज. नुसत्या साडीवर कानात झुमके आणि गळ्यालगतचा एक हार पुरे.

दुसरी गफलत दशकांची. फुग्याच्या बाह्या आणि लांब वेणी म्हणजे अभिनेत्री सावित्रीचं पन्नासचं दशक. डोक्यावर उंच फुगवलेले केस, घट्ट ब्लाउज, बाहेर ओढलेलं लायनर हा साठच्या दशकातल्या सरोजादेवी, जयललिता या नायिकांचा थाट. दोन्हीची मिसळ करू नका. फुग्याच्या बाह्या शिवून झाल्याच असतील तर केस चापूनचोपून बसवा.

केसांचा फुगा तासाभरात बसतो? बहुतेकदा केस त्याच दिवशी धुतलेले असतात, म्हणून निसटतात. आदल्या दिवशी धुवा, मुळाशी उलटा कंगवा फिरवा आणि फक्त वरचा थर हलक्या हाताने विंचरा. लायनरची शेपटी खाली झुकत असेल तर डोळे मिटून काढू नका. आरशात सरळ बघत, उघड्या डोळ्यावर टोकाची खूण करा, मग रेघ जोडा. खालचं पसरलेलं काजळ मात्र आजचं, ते वगळाच.

साडीचा रंग कृष्णधवल फोटोवरून ठरवणं तर निव्वळ अंदाजपंचे. पहिला पूर्ण लांबीचा रंगीत तमिळ चित्रपट १९५६चा, ‘अलिबाबावुम ४० तिरुडर्गळुम’. त्यानंतरही कृष्णधवल चित्रपट कितीतरी वर्षं निघत राहिले. फोटोत करडी दिसते म्हणून फिकट साडी घेतली की चेहराही फिका पडतो. तुम्हालाही कृष्णधवलच फोटो काढायचा असेल तर आधी मोबाईलवर एक काढून बघा. लाल अंग आणि हिरवे काठ, एरवी इतके उठून दिसणारे, पण अनेकदा एकाच करड्या छटेत विरघळतात. गडद अंगाला रुंद जरीकाठ असला की हा प्रश्न येत नाही.

आणि गजरा. आपण अंबाड्याभोवती गुंडाळतो. तिकडे वेणीच्या वरच्या टोकाशी माळ अडकवून तिची टोकं खाली सोडतात. मोगऱ्यात अबोली असेल तर फारच छान. माळ घसरत असेल तर दोन पिना फुलीसारख्या आडव्या-तिडव्या खोचा.