पोरांची मारामारी कशी थांबवायची: आधी, चालू असताना आणि नंतर

दोन पोरं भिडली की मोठी माणसं पहिला प्रश्न विचारतात, सुरुवात कोणी केली. या प्रश्नातून कधीच काही हाती लागत नाही कारण दोघंही छातीठोकपणे सांगतात की त्याने केली, आणि दोघांनाही ते अगदी मनापासून खरं वाटत असतं. त्याऐवजी एवढंच विचारून बघा की तेव्हा आजूबाजूला कोण कोण उभं होतं. बहुतेक वेळा अर्धा मॅटर तिथेच कळतो.

मी बरीच वर्षं वयात येणाऱ्या पोरांबरोबर काम करतोय आणि माझं ठाम मत झालंय की पोरं रागापेक्षा बेइज्जतीपायी जास्त भांडतात. चारचौघांत कोणी आईवरून बोललं, कोणी खांदा मारून गेलं, कोणी नको तो फोटो ग्रुपवर टाकला, आणि आता गप्प बसलो तर उद्यापासून सगळेच डोक्यावर बसतील ही भीती. म्हणून खाली जे काही सांगतोय त्यात एकच धागा आहे, पोराला मान खाली न घालता मागे फिरता येईल अशी वाट ठेवायची. आईबाप, शिक्षक, कोच, मोठी बहीण, कोणालाही हे जमतं.

आणि हा विषय "वयच आहे, होतंच असं" म्हणून सोडून देण्यासारखा अजिबात नाहीये. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार जगभरात दरवर्षी १५ ते २९ वयाच्या सुमारे १ लाख ९३ हजार जणांचा खून होतो, म्हणजे जगातल्या एकूण खुनांपैकी जवळजवळ ४० टक्के, आणि त्यात मुलग्यांचं प्रमाण फार जास्त. जखमी होऊन दवाखान्यात पोचणारे याच्या कितीतरी पट.

डोक्यात काय चाललेलं असतं

२००५ साली गार्डनर आणि स्टाइनबर्ग या दोन संशोधकांनी एक प्रयोग केला होता, गाडी चालवायचा व्हिडिओ गेम, काहींनी एकट्याने खेळायचा आणि काहींनी मित्र बघत असताना. मोठ्या माणसांना कोणी बघतंय का नाही याने काही फरक पडला नाही, पण तेरा ते सोळाच्या पोरांनी मित्रांसमोर जवळपास दुप्पट धोका पत्करला. तेच वय, तोच गेम, फक्त बघणारे आले. आता तिथे गेमच्या जागी खुन्नस ठेवा आणि मित्रांच्या हातात मोबाईलचा कॅमेरा द्या.

दुसरी गोष्ट केनेथ डॉज या मानसशास्त्रज्ञाने दाखवली. जी मुलं सारखी भांडतात त्यांना साध्या गोष्टीतही मुद्दाम केल्याचा वास येतो. गर्दीत धक्का लागला तर दुसरा म्हणेल लागला असेल चुकून, हा म्हणतो मला नडला. यात त्याचा वाईटपणा नसतो, ज्याने घरात किंवा गल्लीत खूप मार खाल्लाय त्याला आधी हात उचलायची सवय जगण्यासाठीच लागलेली असते. हत्याराचंही तेच, खिशात चाकू ठेवणारी कितीतरी पोरं मुळात घाबरलेली असतात आणि चाकू जवळ आहे म्हटल्यावर जिथून पळून जायला पाहिजे तिथे उभी राहतात.

एक फरक मात्र नीट लक्षात ठेवा. दोन बरोबरीच्या पोरांचं भांडण वेगळं आणि एकाला सतत गाठून छळणं वेगळं. दान ओल्वेउस या संशोधकाने नॉर्वेत यावर आयुष्य घातलं, त्याच्या व्याख्येत तीन गोष्टी आहेत, मुद्दाम केलेलं, पुन्हा पुन्हा होणारं आणि दोघांच्या ताकदीत फरक असलेलं. असं असेल तर दोघांना समोरासमोर बसवून "मिटवा आता" अजिबात म्हणू नका, कारण ज्याला छळलं जातंय तो तिथे हो म्हणेल आणि बाहेर जाऊन दुप्पट मार खाईल. तिथे छळणाऱ्याला थांबवणं हे मोठ्यांचं काम आहे, पोराचं नाही.

आधी काय करायचं

चाहूल लागते, फक्त बघायला हवं. रोजचा रस्ता बदलतो, एखाद्या ठिकाणी जायचं टाळतो, एकटा कुठे जात नाही, फोन रात्रभर वाजत असतो आणि विचारलं तर काही नाही म्हणतो, किंवा मित्र विषय काढतात आणि तुम्ही आलात की गप्प होतात. अशा वेळी सगळ्यांसमोर विचारू नका, एकट्याला गाठा, शक्यतो शेजारी शेजारी चालताना किंवा काहीतरी काम करताना, कारण डोळ्यात डोळे घालून विचारलं की पोरं कुलूप लावतात. "तुझं कोणाशी काय झालंय का" यापेक्षा "उद्या तिथे जायला तुला कसं वाटतंय" हा प्रश्न जास्त चालतो. आणि उत्तर आल्यावर पाच मिनिटं तरी उपदेश करायचा नाही. हे मोठ्या माणसांना सगळ्यात जड जातं हे मला माहितीये, तरी नाही करायचा.

मग बहाणा तयार ठेवा. घरात आधीच ठरवा की त्याने एखादा ठरावीक मेसेज किंवा मिस्ड कॉल दिला की तुम्ही लगेच फोन करून ओरडायचं, "आत्ताच्या आत्ता घरी ये." मित्रांसमोर तो म्हणणार, यार बाप पेटलाय, जावं लागेल. तुम्ही व्हिलन झालात, पोरगा वाचला आणि त्याची इज्जतही राहिली. घरी आल्यावर उलटतपासणी घ्यायची नाही ही अट पाळलीच पाहिजे, नाहीतर तो मेसेज दुसऱ्यांदा येणार नाही.

शिकागोत पोरांसाठी एक कार्यक्रम चालतो, बिकमिंग अ मॅन नावाचा, त्यातला पहिलाच खेळ मला फार आवडतो. जोड्या करायच्या, एकाच्या मुठीत बॉल, दुसऱ्याला सांगायचं तीस सेकंदात तो मिळव. सगळे झोंबाझोंबी करतात, मूठ पिरगाळतात. वेळ संपल्यावर विचारायचं, नुसतं "देतोस का" असं कोणी विचारलं का? पोरं म्हणतात, तो काय देणार होता, मला घाबरट समजला असता. मग बॉलवाल्याला विचारायचं, विचारलं असतं तर? तो म्हणतो, दिला असता की, बॉलच तर आहे. यावर तासभर गप्पा होतात आणि भाषण द्यायची गरजच पडत नाही. या कार्यक्रमाची नीट चिठ्ठ्या टाकून निवडलेल्या गटांवर तपासणी झालीये आणि तो चालू असेपर्यंत मारहाणीसारख्या गुन्ह्यांतल्या अटका ४५ ते ५० टक्क्यांनी कमी झाल्या. कार्यक्रम संपल्यावर तो परिणाम टिकला नाही, म्हणजे एक कार्यशाळा घेतली आणि झालं असं नसतं, हे लावून धरावं लागतं.

ऑनलाइनचं थोडक्यात सांगतो, ग्रुपवर उत्तर द्यायचं नाही. ग्रुपवर टाइप केलेला प्रत्येक शब्द पन्नास जणांसमोर बोलल्यासारखा असतो आणि स्क्रीनशॉट फिरतात. बोलायचंच असेल तर त्या एकाला फोन कर, आवाज ऐकला की निम्मा ताठा उतरतो. आणि फोन जप्त करू नका, पुढच्या वेळी धमकीचा मेसेज आला तरी तो तुम्हाला दाखवणार नाही.

शाळा, कॉलेज, क्लब चालवत असाल तर एक वही ठेवा. प्रत्येक भांडणाची जागा, वेळ, काय लागलं, कोण बघत होतं, नावानिशी शिक्षा लिहायला नाही तर नकाशा कळायला. कार्डिफमध्ये जोनाथन शेपर्ड या सर्जनने हेच केलं, इमर्जन्सीत येणाऱ्या जखमींना विचारायचं कुठे झालं, कधी झालं, कशाने मारलं, आणि नावं काढून ती माहिती पोलीस आणि पालिकेला द्यायची, कारण बरीच प्रकरणं पोलिसांपर्यंत जातच नव्हती. तशाच दुसऱ्या शहरांच्या तुलनेत तिथे मारहाणीमुळे ॲडमिट होणारे बरेच कमी झाले. तुमच्या वहीतही महिन्याभरात दिसेल की बहुतेक राडे दोन-तीन कोपऱ्यांत आणि ठरावीक वेळेलाच होतात. तिथे त्या वेळेला एक मोठं माणूस उभं राहू दे, बस.

पेटलंच तर

मध्ये उडी मारू नका. आधी गर्दी हटवा, "सगळे आत चला, फोन खाली" असं मोठ्याने आणि शक्यतो नावं घेऊन, कारण बघणारे गेले की भांडायचं कारणच निम्मं होतं. दोघांना नावाने हाक मारा, वाक्यं छोटी, "मागे हो. इकडे बघ." पाठीमागून मिठी मारून एकाला धरू नका, त्याला वाटतं दुसरा कोणीतरी तुटून पडला, आणि त्याचे हात अडकले की समोरचा फुकट मारतो. हत्यार दिसलं तर हिरो बनायचं नाही, बाकीच्यांना लांब न्या आणि पोलिसांना फोन करा.

बघणाऱ्या पोरांनाही हे शिकवा. कॅनडात शाळेच्या मैदानावर पोरांचं निरीक्षण केलं होतं, छळ चालू असताना कोणी सोबती मध्ये पडला तर निम्म्याहून जास्त वेळा तो दहा सेकंदांत थांबला. मध्ये पडणं म्हणजे अंगावर जाणं नाही, "चल रे, तुला सर बोलावतायत" म्हणून छळ होत असलेल्याला तिथून घेऊन जाणंही पुरतं.

डोक्याला मार लागला असेल आणि उलट्या, गुंगी, बडबड किंवा वाढती डोकेदुखी असेल तर लगेच हॉस्पिटल. चाकू अंगात रुतला असेल तर काढायचा नाही, त्याच्या दोन्ही बाजूंनी कापड दाबून धरायचं.

नंतर

भांडण संपलं असं मोठ्यांना वाटतं तेव्हा पोरांचं दुसरं पर्व सुरू होतं, भाऊ येतो, मित्र येतात, व्हिडिओ फिरतो. गॅरी स्लटकिन हा साथीच्या रोगांचा डॉक्टर, त्याने २००० साली शिकागोत हिंसेकडे साथीसारखं बघून काम सुरू केलं, एकाकडून दुसऱ्याकडे जाते तर मधेच अडवायची. त्यांची माणसं जखमीच्या मित्रांकडे बदला घेण्याआधी पोचतात, आणि ती माणसं त्याच वस्तीतली, पूर्वी त्याच जगात वावरलेली असतात, म्हणून पोरं ऐकतात. तुम्हीही तेच करा, पोरं ज्याला मानतात असा एखादा मोठा पोरगा शोधा आणि पहिल्या दिवशीच त्याला दोन्ही टोळक्यांशी बोलायला लावा. दोघांशी वेगवेगळं बोला, निदान अर्धा तास शांत बसू देऊन मगच. सगळ्यांसमोर हात मिळवायला किंवा सॉरी म्हणायला लावू नका, ती नवी बेइज्जती आहे. दोघं तयार झाले की त्यांनीच आपापल्या मित्रांना सांगायचं, मॅटर क्लोज.

घाबरवून सुधारायचा मोह होतो, तो आवरा. अमेरिकेत न्यू जर्सीच्या तुरुंगात १९७० च्या दशकात पोरांना नेऊन कैद्यांकडून दमदाटी करायचा कार्यक्रम निघाला, खूप गाजला, पण अशा कार्यक्रमांच्या चाचण्या एकत्र तपासल्या तेव्हा गेलेल्या पोरांनी न गेलेल्यांपेक्षा जास्त गुन्हे केलेले निघाले. घरी बेदम मारल्यानेही तो एवढंच शिकतो की ज्याचा हात मोठा तो बरोबर.

पोरगा हत्यार बाळगत असेल, प्राण्यांना हाल करून मारत असेल, घरात कोणी त्याला मारत असेल तर एकट्याने निस्तरायला जाऊ नका, समुपदेशक किंवा मानसोपचारतज्ज्ञ गाठा. आणि तो कोणाला संपवायची किंवा स्वतःला संपवायची भाषा बोलायला लागला तर ती फुकाची धमकी समजू नका, "खरंच तसं वाटतंय का, कसं करायचं ठरवलंय का" असं सरळ विचारा, त्याला एकटं सोडू नका, घरातली धोक्याची वस्तू हलवा आणि त्याच दिवशी डॉक्टरकडे घेऊन जा.