मिशन कंट्रोलमधून शूटिंगच्या सेटवर: तांत्रिक सल्लागाराचं काम कसं करावं

अंतराळ मोहिमांवर काम केलेल्या अभियंत्याला सिनेमावाले बोलावतात ते बहुतेक वेळा ‘एवढं बरोबर आहे का, बघून सांगा’ म्हणून. नुसत्या चुका काढत बसलात तर दुसऱ्या आठवड्यापासून तुमचा फोन कोणी उचलणार नाही. या कामाचा चांगला नमुना म्हणजे जेरी ग्रिफिन. टेक्सास ए अँड एममधून एरोनॉटिकल इंजिनिअरिंग, मग अमेरिकन हवाई दल, १९६४ साली नासात जेमिनी मोहिमांचे नियंत्रक, १९६८ साली फ्लाइट डायरेक्टर (मोहिमेच्या वेळी नियंत्रण कक्षाचा प्रमुख) आणि १९८२ ते १९८६ जॉन्सन स्पेस सेंटरचे संचालक. १९९५ च्या ‘अपोलो १३’चे ते सल्लागार होते. त्या चित्रपटासाठी त्यांनी आणि त्यांचे जुने सहकारी जेरी बॉस्टिक यांनी नियंत्रकांच्या भूमिका करणाऱ्या नटांसाठी चक्क शाळा भरवली. पुढे ‘काँटॅक्ट’ आणि ‘डीप इम्पॅक्ट’ या चित्रपटांनाही ग्रिफिन सल्लागार होते.

पटकथा हातात आली की पहिलं वाचन पेन न घेता करा. दुसऱ्या वाचनात शेरे तीन प्रकारांत लिहा: भौतिकशास्त्रात न बसणारं, कामाच्या पद्धतीत न बसणारं आणि फक्त तुम्हाला खुपणारं. पहिल्यासाठी भांडा, दुसऱ्यासाठी पर्याय द्या, तिसरं वहीतच राहू द्या. पर्याय देताना मूळ संवाद चार ओळींचा असेल तर तुमचाही चारच ओळींचा हवा, नाहीतर तो कोणी वापरत नाही. प्रत्यक्ष अपोलो १३ मोहिमेच्या वेळी बंद करून थंड पडलेलं कमांड मॉड्यूल (अंतराळवीरांना परत आणणारा यानाचा भाग) पुन्हा चालू करण्याची पद्धत नियंत्रक जॉन ॲरन आणि बऱ्याच जणांनी मिळून बसवली होती. चित्रपटात तो भार मुख्यतः अंतराळवीर केन मॅटिंग्लींच्या पात्रावर आहे. अशा ठिकाणी सल्लागाराने अडून बसू नये.

खरा वेळ नियंत्रण कक्षाच्या दृश्यांवर घालवा, कारण घोळ तिथेच होतो. अंतराळवीरांशी कक्षातून नेहमी एकच माणूस बोलतो, तो कॅपकॉम. बाकीचे आपापल्या कन्सोलवरून (पडदे आणि बटणांच्या टेबलावरून) फ्लाइट डायरेक्टरला सांगतात, तो निर्णय देतो आणि मग कॅपकॉम वर कळवतो. नटांना ही साखळी शिकवायला १४ नोव्हेंबर १९६९ चा प्रसंग घ्या. अपोलो १२ उडाल्यावर ३६.५ व्या आणि ५२ व्या सेकंदाला वीज पडली आणि पडद्यांवरचे आकडे अर्थहीन झाले. वीजपुरवठा बघणाऱ्या ईकॉमच्या कन्सोलवर जॉन ॲरन होते. आकड्यांची तीच विचित्र मांडणी त्यांनी आधी एका चाचणीत पाहिली होती. ‘एससीई टू ऑक्स’, एवढंच ते म्हणाले, म्हणजे यानातले संकेत आकड्यांत मांडणारं उपकरण पर्यायी वीजपुरवठ्यावर टाका. फ्लाइट डायरेक्टर होते ग्रिफिन. त्यांना ती सूचना अनोळखी होती, म्हणून त्यांनी ती पुन्हा म्हणायला लावली. मग कॅपकॉम जेराल्ड कार यांनी ती वर दिली आणि यानात ॲलन बीन यांनी ते बटण फिरवलं. आकडे परत आले.

तालमीला चार नट, चार हेडसेट आणि निदान दोन चॅनलचा इंटरकॉम घ्या. वॉकीटॉकी चालत नाही, कारण तिच्यावर एका वेळी एकच जण बोलू शकतो आणि खऱ्या लूपवर (कक्षातल्या सामायिक ध्वनिवाहिनीवर) बोलणी एकमेकांवर चढतात. एका कानात कक्षातलं बोलणं, दुसऱ्यात यानातलं. नवा नट ज्याच्याशी बोलायचं त्याच्याकडे मान वळवतो. ती सवय मोडा, नजर पडद्यावरच हवी. संकट आलं की तो आवाज चढवतो, तर खरे नियंत्रक उलट वाक्यं तोडकी करतात आणि सूर सपाट ठेवतात. पार्श्वभूमीचं बोलणं हेडसेटमधूनच ऐकवा आणि वेगळ्या ट्रॅकवर घ्या, नाहीतर साउंड रेकॉर्डिस्ट तुमच्यावर वैतागेल.

चंद्रापर्यंत रेडिओ संदेशाला जेमतेम १.३ सेकंद लागतात. म्हणजे प्रश्न आणि उत्तर यांत निदान २.६ सेकंद शांतता हवी. हे संकलकाला शूटिंगआधीच सांगा, नाहीतर तो ती मोकळी जागा हमखास कापतो. मंगळासाठी एका बाजूचा वेळ साधारण ३ ते २२ मिनिटं. तिथे संवाद लिहूच नका, निरोप लिहा.

पडदे कलाविभागावर सोडून देऊ नका. १९७० च्या कन्सोलवर रंगीत नकाशे फिरत नसत, कृष्णधवल पडद्यावर आकड्यांचे रकाने असत. जुने काचेचे मॉनिटर सेकंदाला २४ फ्रेमने शूट केले की पडद्यावर पट्टा सरकताना दिसतो, म्हणून २४ फ्रेमचा प्लेबॅक किंवा कॅमेऱ्याशी जुळवलेला मॉनिटर मागा. आजचा पडदा ६० हर्ट्झचा असेल तर कॅमेऱ्याच्या शटरचा कोन १४४ अंश ठेवा, आणि आपल्याकडच्या ५० हर्ट्झ दिव्यांखाली १७२.८ अंश. दोन्ही एकाच फ्रेममध्ये असतील तर आदल्या दिवशी कॅमेरा टेस्ट केल्याशिवाय होकार देऊ नका.

वजनरहित अवस्थेसाठी ‘अपोलो १३’चं युनिट नासाच्या केसी-१३५ विमानात गेलं होतं. विमान कमानीसारखं वर चढून खाली येतं, अशा एका परवलयात वजनरहित असे साधारण २५ सेकंद मिळतात, त्यातली सुरुवातीची आणि शेवटची काही धडपडीत जातात. म्हणून शॉट १५ सेकंदांत बसेल असा लिहा. विमान परवडत नसेल (सहसा नसतंच) तर नटाला उचलणाऱ्या तारा कमरेच्या दोन्ही बाजूंना लावा, शरीराचा तोल तिथेच असतो. मग शरीराची ठेवण बघा: गुडघे किंचित वाकलेले, हात आपसूक पुढे तरंगणारे. ताठ उभा तरंगणारा माणूस खोटा दिसतो. लोंबणारी वायर, गळ्यातली साखळी, खाली ओघळणारा घाम हे सगळं मॉनिटरवर तपासा. केस लांब असतील तर बांधायला सांगा, नाहीतर प्रत्येक फ्रेम दुरुस्त करावी लागते.

करारात शूटिंगचे दिवस, डबिंगची हजेरी आणि श्रेयनामावलीतला उल्लेख लिहून घ्या. सरकारी संस्थेत नोकरीत असाल तर आधी लेखी परवानगी काढा. संस्थेची अंतर्गत कागदपत्रं सेटवर नेऊ नका, सार्वजनिक झालेल्या संभाषणांच्या लिखित नोंदी आणि ध्वनिफिती पुरतात.

डबिंगला स्वतः हजर राहा. सेटवर जमलेलं तिथे पुन्हा बिघडतं: ओठांशी मेळ बसवायला आकडे बदलतात, फुटांचे मीटर होतात आणि आकडा मात्र तोच राहतो. कॅपकॉमचं वाक्य फ्लाइट डायरेक्टरच्या तोंडी जातं ते याच टप्प्यावर. कन्सोलनिहाय पात्रांची यादी, प्रत्येकाच्या वाक्यांसह, डबिंगच्या माइकशेजारी चिकटवून ठेवा.