ओबात्स्दा: बव्हेरियाचं कालवलेलं चीज, मुंबईच्या हवेत

जर्मनीतल्या बव्हेरियाच्या बोलीत ओबात्स्दा म्हणजे कालवलेलं. पिकून सैल पडलेलं कॅमेम्बर (पांढऱ्या सालीचं मऊ फ्रेंच चीज) वाया जाऊ नये म्हणून लोण्यात कालवायचं, एवढीच मूळ युक्ती. २०१५ पासून या नावाला युरोपीय संघाचं भौगोलिक संरक्षण आहे. त्यानुसार कॅमेम्बर किंवा त्याच्याच जातीचं ब्री किमान ४० टक्के लागतं, त्यामुळे साध्या चीज स्प्रेडमध्ये तिखट घालून भागत नाही.

चौघांसाठी २०० ग्रॅम कॅमेम्बर, ७५ ग्रॅम बिनमिठाचं बटर, एक छोटा कांदा, एक चहाचा चमचा गोड पाप्रिका (सौम्य लाल मिरचीची पूड), पाव चमचा शहाजिरं (कॅरवे), मिरपूड आणि दोन-तीन टेबलस्पून बिअर घ्या. बिअर नको असेल तर तेवढंच दूध. खारं बटर वापरलंत तर वरून मीठ घालूच नका.

चीज मधोमध दाबून पाहा. पिकलेल्या चिकूसारखं दबलं पाहिजे. आत खडूसारखा पांढरा गाभा असेल तर फ्रिजमध्ये आणखी काही दिवस ठेवा. पत्र्याच्या डब्यातलं मात्र कितीही ठेवलं तरी पिकत नाही, कारण ते डब्यातच तापवलेलं असतं. उघडल्यावर अमोनियाचा वास आला तर वीस मिनिटं उघडं ठेवा. तरीही गेला नाही तर टाकून द्या. पांढरी साल खाण्याजोगी असते, ती बारीक चिरून आत घाला.

मुंबईत खरी चूक होते ती तापमानाची. जर्मन कृतीत चीज दोन तास बाहेर ठेवायला सांगतात. आपल्याकडे मे महिन्यात बटर वीस मिनिटांत पाघळायला लागतं. बोट सहज रुतावं, पण कडेला तेल सुटू नये, इतकंच मऊ हवं. तेल सुटलंच तर वाडगा दहा मिनिटं फ्रिजमध्ये ठेवून मग कालवा.

आधी बटर काट्याने फेटा, मग चीज घालून दाबत कालवा. थोडे खडे राहिलेले चांगले. मिक्सर नको, त्यात त्याची चिकट खळ होते. बिअर एकेक चमचा घाला आणि ती थंडगार नसावी, नाहीतर बटर गोठून कण धरतं.

शहाजिरं नीट बघून घ्या. बारीक, काळपट निघालं तर ते नको. फिकट रेषांचं, जरा जाड, तपकिरी हवं. साध्या जिऱ्याने चव पार बदलते. पाप्रिका नसेल तर काश्मिरी मिरची पूड निम्मी घाला.

कांदा अगदी वाढताना. आधी घालून ठेवला की कडवट होतो आणि पाणी सोडतो. अलिबागचा पांढरा कांदा मिळाला तर उत्तमच. लाल असेल तर बारीक चिरून दहा मिनिटं गार पाण्यात ठेवा आणि घट्ट पिळा.

कांदा घालण्याआधी तासभर फ्रिजमध्ये मुरू द्या. तिकडे सोबत ब्रेत्सेल (गाठीच्या आकाराचा खारा पाव) आणि मुळा असतो. इथे इराण्याकडचा ब्रून पाव आणि मीठ लावलेल्या मुळ्याच्या चकत्या. गरोदर बायकांनी हे चीज टाळावं. कांदा न घातलेलं फ्रिजमध्ये दोन दिवस टिकतं, कांदा घातलेलं त्याच दिवशी संपवा.