सरकारी अनुदानासाठी संस्थेचे नंबर: आधी इंग्रजी स्पेलिंग ठरवा

महाराष्ट्रात संस्था नोंदवली की हातात दोन नंबर येतात. एक १८६० च्या संस्था नोंदणी कायद्याखालचा, 'महाराष्ट्र/…/पुणे' अशा धाटणीचा. दुसरा १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायद्याखालचा, धर्मादाय कार्यालयाचा 'एफ' नंबर. नुसता न्यास (ट्रस्ट) असेल तर १८६० चा नंबर नसतो आणि 'एफ'च्या जागी बहुधा 'ई' असतो. प्रमाणपत्रं सहसा मराठीत, पुढचं सगळं मात्र इंग्रजीत. घोळ इथेच सुरू होतो.

'बहुउद्देशीय' हा शब्द इंग्रजीत लिहिताना कोणी एक यू घालतं, कोणी दोन. डी कधी एकदा, कधी दोनदा. पॅनवर एक स्पेलिंग, बँकेत दुसरं, एनजीओ दर्पण या केंद्र सरकारच्या स्वयंसेवी संस्थांच्या पोर्टलवर तिसरं असं झालं की पडताळणी अडते. म्हणून पॅनचा अर्ज भरण्याआधी कार्यकारिणीच्या सभेत इंग्रजी नावाचा ठराव घ्या, अक्षर अन् अक्षर लिहून. पुढे प्रत्येक अर्ज त्या ठरावाची प्रत समोर ठेवूनच भरायचा.

पॅन संस्थेच्या नावाचाच हवा. अध्यक्षांचा पॅन देऊन काम भागत नाही. दहा अक्षरांपैकी चौथं अक्षर पाहा: न्यास म्हणून घेतला असेल तर टी, व्यक्तिसमूह म्हणून घेतला असेल तर ए. तिथे पी दिसला तर तो कुणा व्यक्तीचा पॅन आहे. पाचवं अक्षर संस्थेच्या इंग्रजी नावाचं पहिलं अक्षर असतं. पॅन आला की बँक खातं उघडा, तेही त्याच स्पेलिंगने.

मग एनजीओ दर्पण. केंद्राच्या अनुदानासाठी हा आयडी लागतोच. नोंदणीला शुल्क नाही, तेव्हा त्यासाठी हजारो रुपये मागणाऱ्याला नमस्कार करा. आयडी राज्य, वर्ष आणि सात अंक असा असतो: एमएच/२०२१/०१२३४५६ या नमुन्याचा. संस्थेचा पॅन, नोंदणी प्रमाणपत्र आणि किमान तीन पदाधिकाऱ्यांचे पॅन-आधार तयार ठेवा. नोंदणी कोणाकडे झाली या रकान्यात धर्मादाय आयुक्त निवडलंत तर एफ नंबर आणि त्याचंच प्रमाणपत्र द्या. इथे १८६० चा नंबर टाकणं ही नेहमीची चूक. ईमेल आणि मोबाइल संस्थेच्या ताब्यातले द्या. फॉर्म भरून देणाऱ्या सेतू केंद्रवाल्याचा नंबर टाकला, तर पुढच्या दुरुस्तीच्या वेळी ओटीपी त्याच्याकडे जाणार.

पदाधिकारी बदलले असतील तर आधी धर्मादाय कार्यालयात कलम २२ चा चेंज रिपोर्ट, म्हणजे बदल कळवणारा अर्ज, द्या. मुदत ९० दिवसांची आहे. तो वर्षानुवर्षं पडून असतो आणि तिकडे दर्पणवर नवीन अध्यक्ष झळकत असतात. छाननीत परिशिष्ट-१, म्हणजे धर्मादाय कार्यालयाच्या नोंदवहीतला संस्थेचा उतारा, मागितलं की त्यावर जुनीच नावं निघतात. अनुदानाचे अर्ज मागे पडण्याचं हे अगदी टाळता येण्यासारखं कारण.

केंद्राचा पैसा पीएफएमएस या सरकारी निधी वाटपाच्या ऑनलाइन यंत्रणेवरून येतो. तिथे संस्थेची एजन्सी म्हणून नोंद करून खातं जोडावं लागतं. खात्यावरचं नाव वेगळं असेल तर मंजुरी हातात असूनही पैसे अडकतात.

१२ए आणि ८०जी हे आयकराचे नंबर: पहिला संस्थेच्या करसवलतीसाठी, दुसरा देणगीदारांच्या. (नव्या आयकर कायद्यात कलमांचे आकडे बदललेत, बोलण्यात मात्र जुनीच नावं आहेत.) नव्या संस्थेला आधी तीन वर्षांची तात्पुरती नोंदणी मिळते. ती संपण्याच्या किमान सहा महिने आधी नियमित नोंदणीचा अर्ज करायचा. काम त्याआधीच सुरू झालं असेल तर सुरू झाल्यापासून सहा महिन्यांत. या दोहोंपैकी जी तारीख आधी येते ती धरा. तात्पुरती नोंदणी मिळाली की पुष्कळ जण निश्चिंत होतात आणि ही तारीख हुकते.

अनुदान नको, सरकारी काम कंत्राटाने घ्यायचं असेल तर जीएसटी पाहावा लागतो. सेवा पुरवणाऱ्यांसाठी महाराष्ट्रात वार्षिक उलाढाल २० लाखांवर गेली की नोंदणी सक्तीची, पण निविदेच्या अटीत तो नंबर त्याआधीही मागितला जातो. नंबर पंधरा अक्षरी: सुरुवातीचे २७ म्हणजे महाराष्ट्र (गोव्याचे ३०), पुढची दहा अक्षरं म्हणजे तुमचा पॅन. ती दहा अक्षरं संस्थेच्या पॅनशी जुळवून पाहिल्याशिवाय निविदेत नंबर टाकू नका.