आपल्याच मताला पुरावे गोळा करायची सवय कशी मोडायची

मंत्रानं विष उतरतं असं मानणारी माणसं कोकणात अजून आहेत आणि ती खोटं बोलत नसतात, हे आधी लक्षात घ्या. लावणीच्या दिवसात कोणाला तरी साप चावला, गावातल्या जाणत्याकडे नेलं, त्यानं मंत्र टाकला आणि सकाळी माणूस उठून चहा प्यायला, हे त्यांनी स्वतःच्या डोळ्यांनी बघितलेलं असतं. पण चावलेली नानेटी किंवा दिवड असेल तर मंत्र टाका नाहीतर नका टाकू, माणूस जगणारच, कारण ते साप बिनविषारीच. फुरसं किंवा घोणस चावली तरी काही वेळा विष आत जातच नाही. आणि जे मंत्रानंतर गेले त्यांच्याबद्दल म्हणायचं, आणायला उशीर झाला.

यालाच कन्फर्मेशन बायस म्हणतात. मत आधी पक्कं असतं, मग त्याला जुळणारं तेवढंच दिसतं, तेवढंच आठवतं, न जुळणाऱ्याला काहीतरी कारण चिकटवलं जातं. शिकलेले यातून सुटलेत असं अजिबात नाही, उलट त्यांना कारणं जास्त चांगली सुचतात.

तर करायचं काय? कुठलाही दावा असो, कागदावर चार रकाने पाडा. उपाय केला आणि गुण आला, केला आणि नाही आला, नाही केला तरी आला, नाही केला आणि नाही आला. आपल्याकडे सगळ्या गोष्टी पहिल्या रकान्यातल्या असतात. तिसरा रकाना भरायला घ्या, म्हणजे काहीच न करता बरे झालेले किती, आणि बघा मत कसं हलतं ते. मात्र साप चावल्यावर रकाने भरत बसायचं नाही, हालचाल न करू देता थेट सरकारी दवाखान्यात न्यायचं, प्रतिविषाचं इंजेक्शन तिथे मिळतं. प्रयोग जिथे चूक झाली तरी भरून निघते तिथेच करायचा.

उदाहरणार्थ हापूसची बाग. एखादं नवीन औषध फवारलं, मोहोर टिकला, की आपण लगेच व्हॉट्सअ‍ॅपवर फोटो टाकतो, जबरदस्त रिझल्ट म्हणून. अहो पण त्या वर्षी थंडीच चांगली पडली असेल, ढगाळ हवा नसेल, तुडतुडा कमी असेल, मग श्रेय कोणाचं? म्हणून एकाच वयाची, एकाच उतारावरची थोडी कलमं बिनफवारणीची सोडा. कुठली सोडायची ते चिठ्ठ्या टाकून ठरवा, नाहीतर हात आपोआप कमजोर कलमांकडे जातो आणि औषध उगाच भारी ठरतं. फवारणीच्या आधीच लिहून ठेवा की कलमामागे किती फळं जास्त मिळाली तर औषध चाललं म्हणायचं, नंतर ठरवलं तर आपण आलेल्या आकड्यालाच चांगलं म्हणतो. आणि फळं मोजायला असा माणूस लावा ज्याला कुठल्या कलमावर काय मारलंय ते माहीतच नाही. हे शेवटचं बहुतेक जण करत नाहीत आणि तिथेच सगळं फसतं.

दुसरी सवय प्रश्न विचारायची. पीटर वेसन नावाच्या मानसशास्त्रज्ञानं 1960 साली लोकांना 2, 4, 6 हे आकडे दिले आणि यामागचा नियम ओळखा म्हणाला, तुम्ही तुमचे तीन आकडे सांगा, नियमात बसतात की नाही ते मी सांगतो. लोक 8, 10, 12 सांगायचे, हो म्हटलं की खूश, नियम दोननं वाढणारा. खरा नियम फक्त चढत्या क्रमाचे आकडे एवढाच होता. 1, 2, 7 विचारलं असतं तरी भेद लगेच कळला असता, पण आपलं चुकतंय का हे बघणारा प्रश्न विचारायचं बहुतेकांना सुचलंच नाही. तेव्हा ओळखीच्या बागायतदाराला "चाललं ना औषध?" असं विचारू नका, "कोणाकडे फुकट गेलं?" असं विचारा.

विरुद्ध गोष्ट दिसली की तिथल्या तिथे लिहा. चार्ल्स डार्विन हेच करायचा, कारण आपल्या मताच्या विरोधातली माहिती डोक्यातून लवकर निसटते हे त्याला अनुभवानं कळलं होतं.

गावात प्रकल्प येणार म्हटलं की दोन गट पडतात, एकच अहवाल दोघे वाचतात आणि दोघेही आणखी कडवे होऊन बाहेर येतात. अमेरिकेत 1979 साली फाशीच्या शिक्षेवरचे अभ्यास बाजूच्या आणि विरोधी लोकांना वाचायला दिले तेव्हा हेच झालं होतं. पुढे 1984 मध्ये त्याच संशोधकांपैकी काहींनी दाखवलं की लोकांना नुसतं "निष्पक्ष राहा" सांगून फरक पडत नाही, पण "हाच अभ्यास उलट निकाल देता तर तुम्ही तो इतकाच चांगला किंवा वाईट ठरवला असता का?" असं विचारायला लावलं की पडतो. म्हणून ग्रामसभेला जायच्या आधी अहवालातला आपल्याला आवडलेला मुद्दा घ्या, त्यातला निकाल उलटा आहे असं धरा आणि त्यात काय काय खोट काढली असती ते लिहा. मग तीच खोट आपल्या मुद्द्याला लावून बघा, टिकला तरच सभेत मांडा.