लॅम्पसॅकसचा वकील: ग्रीक राज्यं आणि रोम हा विषय शिकायला घेताना

एम.ए.च्या दुसऱ्या सत्रात मी एक निबंध लिहिला होता. इ.स.पू. दुसऱ्या शतकात रोमने पूर्वेकडच्या ग्रीक राज्यांवर वचक कसा बसवला, हा विषय. मी मोठ्या हौसेने लिहून टाकलं की रोमची पद्धत म्हणजे आपल्याकडची तैनाती फौजच. आधी मैत्री, मग फौज, मग दरबारात रेसिडेंट, शेवटी राज्य खालसा. वसईचा तह, दुसरा बाजीराव, सगळ्यांना कामाला लावलं. निबंध परत आला तेव्हा सरांनी समासात तीनच शब्द लिहिले होते: "फौज कुठे आहे?"

शोधायला बसले आणि फौज खरंच सापडेना. इ.स.पू. 197 मध्ये सायनोसेफलीला मॅसिडोनियाचा पाचवा फिलिप हरला आणि 194 मध्ये रोमची सगळी पलटण ग्रीसमधून घरी गेली. सीरियाच्या तिसऱ्या अँटायोकसला मॅग्नेशियाला हरवलं, 188 मध्ये अपामियाचा तह केला, पुन्हा घरी. 168 मध्ये पिडनाच्या लढाईनंतर तर मॅसिडोनियाची गादीच मोडली, देशाचे चार तुकडे केले, आणि पुढच्या वर्षी सैन्य पुन्हा जहाजात. 148 पर्यंत तिकडे ना रोमचा कायमचा सुभेदार, ना छावणी. तरीही इजिप्तमधल्या अलेक्झांड्रियापासून आजच्या तुर्कस्तानातल्या पर्गाममपर्यंत प्रत्येक राजा काही करण्याआधी रोमकडे बघतोय. हे कसं काय? माझ्या मते विषय म्हणतात तो हाच. बाकी सगळं त्याच्या आजूबाजूला आहे.

हा विषय घेऊ पाहणारी मुलं मला पहिला प्रश्न विचारतात की सुरुवात कुठून करू. आणि बहुतेकांनी ती आधीच केलेली असते, अलेक्झांडरपासून. मीही तेच केलं. 323 मध्ये बॅबिलॉनला तो वारला, मग सरदारांची भांडणं, 301 ला इप्ससची लढाई, चंद्रगुप्ताने त्यातल्याच एका सरदाराला, सेल्युकसला, दिलेले हत्ती तिथे उतरतात वगैरे. चार महिने गेले. रोम अजून क्षितिजावरसुद्धा नव्हता आणि माझी दमछाक झालेली. त्यापेक्षा सरळ इ.स.पू. 220 ला सुरुवात करा आणि 167 ला थांबा. ही त्रेपन्न वर्षं मी निवडलेली नाहीत, त्याच काळातल्या पॉलिबियस या ग्रीक इतिहासकाराने निवडली आहेत. त्रेपन्न वर्षांच्या आत जवळजवळ सगळं जग रोमच्या एका सत्तेखाली आलं ते कसं, हाच त्याच्या इतिहासाचा मूळ प्रश्न. तेवढा काळ पक्का झाला की मागे-पुढे जाणं सोपं जातं. पुढचा टप्पा माहितीचाच आहे: 146 ला कॉरिंथ बेचिराख, 133 ला पर्गाममच्या राजाने मृत्युपत्रात राज्यच रोमला दिलं, 64 च्या सुमारास रोमन सेनापती पाँपेने सीरियातला सेल्युकिड वंश, म्हणजे सेल्युकसचा वंश, संपवला, 30 मध्ये इजिप्तच्या क्लिओपात्राचा शेवट. (ती सातवी. आधीच्या सहा कुणालाच आठवत नाहीत.)

नावांचा गोंधळ होणार, त्याला इलाज नाही. इजिप्तमध्ये पुरुष म्हणजे टॉलेमीच, सीरियात अँटायोकसांची रांग तेराव्यापर्यंत जाते. मी एक आडवी वही केली होती. डाव्या बाजूला वर्षं, पुढे मॅसिडोनिया, सीरिया, इजिप्त, पर्गामम, रोम असे पाच रकाने. इ.स.पू.ची वर्षं उलटी मोजायची असतात हे सगळ्यांना माहीत असतं आणि तरी सगळेच चुकतात. मी एका परीक्षेत तिसऱ्या अँटायोकसला जन्माआधी मारलं होतं.

आता पॉलिबियसविषयी. त्याची चाळीस पुस्तकं होती. पहिली पाच पूर्ण आहेत, बाकी तुकड्यांत. तो अकीयन संघातल्या, म्हणजे दक्षिण ग्रीसमधल्या शहरांच्या संघातल्या, बड्या घरातला. पिडनानंतर रोमने त्या संघातली हजार माणसं इटलीत नेऊन ठेवली, त्यात हा. सोळा-सतरा वर्षं तिथे होता आणि रोममधल्या बड्या सिपिओ घराण्याचा जवळचा झाला. म्हणजे ओलीस ठेवलेला माणूस यजमानाचा इतिहास लिहितोय. शिवाय शेजारच्या एटोलियन लोकांविषयी त्याच्या मनात खोल अढी आहे. एटोलियनांचं त्याने काहीही वाईट लिहिलं की मी पेन्सिलने बाजूला खूण करते.

रोमन लेखक लिव्ही पुष्कळ ठिकाणी पॉलिबियसवरूनच लिहितो. नवख्या माणसाने हे दोघं एकदा तरी शेजारी-शेजारी ठेवून वाचावेत. मला मूळ साधन म्हणजे काय ते त्या दिवशी कळलं. सायनोसेफलीच्या लढाईत पॉलिबियस म्हणतो की फिलिपने आपल्या लोकांना भाले खाली करून, म्हणजे समोर रोखून, पुढे जायचा हुकूम दिला. लिव्हीने त्या ग्रीक शब्दाचा अर्थ "खाली ठेवून" असा घेतला आणि लिहिलं की भाले लांब असल्याने अडचण होत होती, म्हणून सैनिकांनी ते टाकून तलवारी उपसल्या. एका क्रियापदाने सगळ्या सैन्याच्या हातातलं हत्यार बदललं! त्याच लढाईच्या शेवटी आणखी एक प्रसंग आहे. हरलेले मॅसिडोनियन भाले सरळ वर धरून उभे राहिले. त्यांच्याकडे ती शरणागतीची खूण. रोमनांना ती ठाऊक नव्हती. सेनापती फ्लॅमिनिनसने विचारून घेतलं आणि त्याला त्यांना सोडायचं होतं, पण तोवर पुढच्या तुकड्या तुटून पडल्या होत्या.

अशा चुका केवळ रणांगणावर होत नव्हत्या. 191 मधला एक प्रसंग मी प्रत्येकाला वाचायला लावते. एटोलियन हरले. त्यांचा फायनियास नावाचा प्रतिनिधी रोमन सेनापती ग्लाब्रिओकडे येऊन म्हणाला की आम्ही स्वतःला रोमच्या भरवशावर सोपवतो. ग्रीकमध्ये शब्द पिस्तिस, लॅटिनमध्ये फिदेस. ग्रीकाच्या मनातला अर्थ आपल्या "पदरात घ्या"च्या जवळचा. आम्ही वाकतो, तुम्ही सांभाळून घ्या. रोमन व्यवहारात त्याच वाक्याचा अर्थ होता बिनशर्त शरणागती. ग्लाब्रिओने लगेच अमुक-अमुक माणसं हवाली करा म्हणून फर्मावलं. फायनियास म्हणाला, हे न्यायाचं नाही आणि ग्रीकांच्या रीतीतही बसत नाही. त्यावर ग्लाब्रिओने साखळ्या आणि लोखंडी पट्टे मागवले आणि एकेकाच्या गळ्यात अडकवा म्हणाला. दूत थिजून उभे. शेवटी हाताखालच्या अधिकाऱ्यांनी मध्ये पडून प्रकरण मिटवलं. हा खरा गैरसमज होता की ग्लाब्रिओची धाकदपटशा, यावर अभ्यासकांचं एकमत नाही. मला दुसरं जास्त पटतं, कारण रोम आणि एटोलियन यांचा वीस वर्षांचा संबंध होता. त्यांना शब्द कळत नव्हता असं नाही. आपल्या बाबतीत तो इतका शब्दशः लावला जाईल असं त्यांना वाटलं नव्हतं.

"स्वातंत्र्य" हा शब्दही असाच तपासून घ्यावा. 196 मध्ये कॉरिंथजवळ इस्थमियन खेळांच्या गर्दीत फ्लॅमिनिनसच्या दवंडीवाल्याने जाहीर केलं की ही-ही ग्रीक राज्यं स्वतंत्र: शिबंदी नाही, खंडणी नाही, कायदे ज्याचे त्याचे. इतका गलका झाला की अर्ध्यांना ऐकू गेलं नाही आणि त्याला पुन्हा बोलावून वाचायला लावलं. माझी समजूत होती की ही रोमची कल्पना. पण अलेक्झांडरचा सरदार अँटिगोनस शंभराहून अधिक वर्षांपूर्वी हेच जाहीर करून बसला होता, आणि पुढचे राजेही ग्रीक शहरांना हेच गाजर दाखवत आले. रोमने स्थानिक चलनातलं नाणं उचललं. तेव्हा त्या सुरुवातीच्या चार महिन्यांतलं काहीतरी कामी आलं, हे कबूल करायला हवं.

माझं बी.कॉम. झालेलं, त्यामुळे मला खरी गोडी लागली ती अपामियाच्या तहातल्या आकड्यांनी. अँटायोकसने एकूण 15,000 टॅलंट चांदी द्यायची. 500 ताबडतोब, 2,500 रोमच्या सभेने तह मंजूर केल्यावर, उरलेले 12,000 वर्षाला हजार याप्रमाणे बारा हप्त्यांत. टॅलंटचं वजन 80 रोमन पौंडांहून कमी नको, हेसुद्धा कलमात आहे. म्हणजे एक टॅलंट साधारण 26 किलो. नुसत्या हप्त्यांची चांदी तीनशे टनांच्या वर जाते. शिवाय हत्ती हवाली करायचे आणि मोठी लढाऊ जहाजं दहाच ठेवायची. पुढच्याच वर्षी, 187 मध्ये, हा राजा इराणच्या बाजूला एका देवळाचा खजिना लुटायला गेला आणि तिथल्या लोकांनी त्याला मारलं. त्याच्या मुलाच्या, म्हणजे चौथ्या अँटायोकसच्या, कारकिर्दीत 173 मध्ये दूत रोमला थकलेली रक्कम घेऊन जातात आणि उशीर का झाला याची कारणं देतात. दारात फौज नाही, पण हप्त्याची तारीख आहे.

हाच चौथा अँटायोकस 168 च्या उन्हाळ्यात इजिप्तवर चालून गेला. अलेक्झांड्रियाबाहेर एल्युसिस इथे रोमचा दूत पोपिलियस लेनास त्याला भेटला. वाळूत काठीने त्याच्याभोवती रिंगण काढलं, बाहेर पाऊल टाकण्याआधी उत्तर दे म्हणून, हे सगळ्यांनी ऐकलेलं असतं. मला त्याआधीचा क्षण जास्त आवडतो. राजाने ओळखीने हात पुढे केला आणि पोपिलियसने त्या हातात सिनेटच्या, म्हणजे रोमच्या ज्येष्ठ सरदारांच्या सभेच्या, हुकुमाची पाटी ठेवली, आधी वाचा म्हणून. राजाने इजिप्तमधून माघार घेतली. पिडनाला महिनाच होत होता, आणि अँटायोकस तरुणपणी रोममध्ये ओलीस राहिलेला होता. कुणाशी गाठ आहे हे त्याला चांगलं माहीत होतं.

आपल्याकडची मुलं हमखास एका वाटेने भरकटतात, ती म्हणजे यवन, भारताशी संबंध आलेले ग्रीक. अशोकाच्या तेराव्या शिलालेखात अंतियोक, तुरमाय, अंतिकिनि, मका आणि अलिकसुदर ही ग्रीक राजांची नावं आहेत, आणि या राजांच्या कारकिर्दींवरूनच अशोकाचा काळ बसवता येतो. वाचताना अंगावर काटा येतो, मान्य. नालासोपाऱ्याला सापडलेले तुकडे मात्र आठव्या आणि नवव्या लेखाचे आहेत, तेराव्याचे नाहीत. ते बघायला जाऊन मी निराश झाले होते. पण भारतात राज्य केलेला ग्रीक राजा मिनँडर, कार्ल्याच्या लेण्यातले यवन दाते हा वेगळा अभ्यास आहे. त्यात रोमचं राजकारण येत नाही. दोन्ही दगडांवर पाय ठेवू नका.

भाषेचं सांगते. नुसत्या इंग्रजी भाषांतरावर वर्षभर निभतं, पुढे नाही. बाहेर पीएच.डी. करायची तर ग्रीक आणि लॅटिन, आणि वाचण्यापुरतं जर्मन, फ्रेंच लागतं. संस्कृत झालेलं असेल तर ग्रीक परकं वाटत नाही: द्विवचन आहे, "ददामि"ला "दिदोमि" आहे. मूळ पाठ पर्सियस नावाच्या डिजिटल ग्रंथालयात फुकट मिळतात. (शोधताना पिडनाला हरलेला राजा पर्सियस आणि पुराणातला वीर पर्सियस आधी येतात.) नोकरीचं विचाराल तर या विषयाच्या जागा इथे जवळपास नाहीतच. मी कनिष्ठ महाविद्यालयात शिकवते, तिथल्या अभ्यासक्रमाचा याच्याशी संबंध नाही. संध्याकाळी वाचते.

तो निबंध मी पुन्हा लिहिला. या वेळी बाजीराव बाहेर ठेवला आणि एका शिलालेखापासून सुरुवात केली. लॅम्पसॅकस हे दार्दानेल्सच्या काठावरचं शहर. 197-196 च्या सुमारास अँटायोकस जवळ येतोय म्हणून घाबरलेलं. त्यांनी हेगेसियास नावाच्या नागरिकाला वकील, म्हणजे दूत, म्हणून पाठवलं, आणि तो परतल्यावर त्याच्या गौरवाचा लेख दगडात कोरला. त्यात सगळा प्रवास आहे. आधी तो ग्रीसमध्ये रोमच्या आरमाराच्या प्रमुखाला भेटला, आपण रोमनांचे नातेवाईक आहोत म्हणाला, कारण रोमनांचं मूळ ट्रॉयचं आणि ट्रॉय यांच्या शेजारचं. मग थेट मासालिया, म्हणजे आजचं मार्से. का, तर मासालिया आणि लॅम्पसॅकस दोन्ही फोकाइयाच्या लोकांनी वसवलेली, आणि मासालियाची रोममध्ये ओळख. तिथून शिफारसपत्र आणि सोबतीला तिथले दूत घेऊन तो रोमच्या सिनेटपुढे उभा राहिला. सिनेटने ऐकून घेतलं आणि फ्लॅमिनिनस व दहा आयुक्तांकडे जा म्हणून सांगितलं. ते होते ग्रीसमध्ये. हेगेसियास पुन्हा समुद्रावर, कॉरिंथला.

निबंध परत आला. समासात या वेळीही तीनच शब्द होते: "प्रवासाचा नकाशा जोडा."