रक्ताची चिळकांडी उडाली तर या चुका टाळा

ऊसतोडीत कोयता निसटून नडगीवर बसतो, कडबाकुट्टीत हात जातो, यंत्रमागाच्या कारखान्यात फुटक्या काचेवर कुणी पडतं, पुणे हायवेवर मोटारसायकल घसरते. सोलापूर जिल्ह्यात अशा जखमा कुठल्याही गावाला नव्या नाहीत. आणि जवळपास प्रत्येक ठिकाणी पहिली आरोळी एकच असते: "गाडी काढा रे आधी!"

पहिली आणि सगळ्यात महागात पडणारी चूक हीच. गाडी काढायला एक माणूस पुरतो. बाकीच्यांपैकी एकाचा हात त्याच क्षणी जखमेवर हवा. साठ किलोच्या माणसाच्या अंगात सुमारे 4 लिटर रक्त असतं. मांडीतली मोठी धमनी तुटली तर काही मिनिटांतच जीव जाऊ शकतो. गाडी दारात येईपर्यंत तेवढा वेळ कधीच निघून गेलेला असतो.

धमनीतलं रक्त लालभडक असतं आणि नाडीच्या ठेक्यावर उडतं. पण जखम खोल असेल तर चिळकांडी दिसत नाही, आतून नुसतं भळाभळा येत राहतं. काही वेळाने धार मंदावली की लोक म्हणतात, "थांबलं बघा." जपून! रक्तदाब कोसळला तरीही धार मंदावते. माणूस पांढरा पडलाय, दरदरून गार घाम फुटलाय, सारखं पाणी मागतोय, बरळतोय, तर रक्त थांबलेलं नाही, संपत आलंय. तरुण पोरं तर शेवटपर्यंत "मला काही झालं नाही" म्हणत बोलत असतात आणि मग एकदम कोसळतात.

दाबायचं कसं, इथेच बहुतेक जण चुकतात

आपल्याकडे हाताशी टॉवेल आणि चादर असतेच. जखम झाली की जाडजूड सोलापुरी चादर गुंडाळली जाते. ती रक्त पीत राहते, वरून काही दिसत नाही, आणि दाब सगळीकडे पसरल्याने नेमक्या जागी पडतच नाही. भिजली की वर दुसरी. असे थर चढवू नका. पॅन्ट किंवा बाही फाडून जखम उघडी करा, रक्त नेमकं कुठून येतंय ते पाहा आणि छोट्या घडीचं स्वच्छ कापड तिथेच ठेवून तळहाताने दाबा. माणसाला कठीण जमिनीवर आडवा करा, तुमचा कोपर सरळ ठेवा, अंगाचं वजन हातावर येऊ द्या. किमान 10 मिनिटं हात उचलायचा नाही. "थांबलं का बघू" म्हणून डोकावलं की नुकती धरलेली गुठळी निघते आणि सगळं पहिल्यापासून.

जांघ, काख अशा ठिकाणी रक्त अडवायला आवळून पट्टा बांधता येत नाही. तिथे कापडाची पट्टी बोटाने जखमेच्या तळापर्यंत ठासून भरा आणि वरून दाबा. भयंकर वाटतं, पण जीव यानेच वाचतो. छाती आणि पोटाच्या जखमेत मात्र काही कोंबू नका. मानेची जखम असेल तर एकाच बाजूने दाबा, गळ्याभोवती काहीही आवळू नका. घुसलेली सळई, काच, कोयत्याचं पातं उपसू नका, त्याच्या कडेने दाबा. हळद, तंबाखू, चहापावडर यांनी धमनी थांबत नाही. डॉक्टरांना ती जखमेतून धुऊन काढावी लागते, एवढंच.

पट्टा आवळताना

हातापायाचं रक्त दाबूनही थांबत नसेल, किंवा अवयव तुटलाच असेल, तर वर पट्टा आवळायचा. इथे सुतळी, वायर, बुटाची नाडी वापरतात. ती मांस कापते. किमान चार-पाच सेंटिमीटर रुंद मजबूत कापड घ्या, जखमेपासून 5 ते 7 सेंटिमीटर वर बांधा, गुडघ्यावर किंवा कोपरावर नको. गाठीत काठी किंवा पाना अडकवून रक्त थांबेपर्यंत पीळ द्या. अर्धवट आवळलेला पट्टा न आवळण्यापेक्षा वाईट: शिरांतून परत जाणारं रक्त अडतं, धमनीतलं येतच राहतं आणि रक्तस्राव वाढतो. पट्ट्याने खूप कळ येते. माणूस ओरडेल, शिव्या देईल, तरी सैल करू नका. "दर वीस मिनिटांनी सोडा" हा जुना सल्ला आता चुकीचा मानला जातो. बांधल्याची वेळ कपाळावर पेनाने लिहा. दोन तासांपर्यंतचा पट्टा सहसा निभावतो. त्यापुढे तो कधी सोडायचा हे डॉक्टर ठरवतील.

तुटलेलं बोट थेट बर्फात टाकू नका, गारठून निकामी होतं. ओल्या स्वच्छ कापडात गुंडाळून पिशवीत बंद करा आणि ती पिशवी बर्फावर ठेवा. जखमीला पाणी, चहा पाजू नका. पुढे भूल द्यायची असते.

दवाखान्यात

108 ला फोन करताना "अपघात झालाय" एवढंच सांगू नका. "धमनी कापलीय, रक्त थांबत नाही, अमुक वाजता पट्टा बांधलाय" असं सांगा. रस्त्यावरच्या अनोळखी माणसाला मदत केली तर पोलिसांचं लचांड मागे लागेल, ही भीती सोडा. मोटार वाहन कायद्याच्या कलम 134अ ने मदत करणाऱ्याला संरक्षण दिलंय.

दुसरी मोठी चूक: जवळच्या छोट्या दवाखान्यात वरून टाके घालून घरी येणं. कातडी शिवली जाते, खालची धमनी तशीच राहते. हात किंवा पाय गार, पांढरा, बधिर असेल, नाडी लागत नसेल, तर तिथे थांबू नका. रक्तपुरवठा तुटल्यापासून साधारण 6 तासांत तो सुरू झाला नाही तर स्नायू मरायला लागतात. मंगळवेढा, करमाळ्याहून सोलापूरला यायचं तर यातला बराच वेळ रस्त्यातच जातो. म्हणून निघतानाच फोन करून रक्तवाहिन्यांचे सर्जन कुठे उपलब्ध आहेत ते विचारा. काहीच कळत नसेल तर सिव्हिल, म्हणजे छत्रपती शिवाजी महाराज सर्वोपचार रुग्णालय, गाठा. गुडघा निखळला असेल तर बाहेर थेंबभर रक्त नसतानाही मागची धमनी फाटलेली असू शकते, पावलाची नाडी तपासायला आवर्जून सांगा.

तिथे आधी रक्त चढवतात आणि ट्रानेक्झॅमिक ॲसिड, म्हणजे रक्ताची गुठळी विरघळू न देणारं औषध, देतात. हे स्वस्त इंजेक्शन जखमेनंतर 3 तासांच्या आतच उपयोगी. 2010 च्या क्रॅश-2 या औषधचाचणीत, 20 हजारांहून अधिक जखमी रुग्णांवर, त्याने मृत्यू कमी होतात हे दिसलं. रुग्ण क्लोपिडोग्रेल किंवा वॉरफरिनसारखी रक्त पातळ करणारी गोळी घेत असेल तर विचारायची वाट न पाहता सांगा. मग ऑपरेशन: धमनीची टोकं शोधून जोडतात, मधला तुकडा गेला असेल तर बहुधा दुसऱ्या पायातली शीर काढून तिथे बसवतात. कधी पोटरीची कातडी आणि आतलं आवरण लांब चिरून उघडं ठेवतात. नातेवाईक ते पाहून हादरतात, भांडतात. रक्त पुन्हा सुरू झाल्यावर स्नायू सुजतात आणि त्या बंद जागेत स्वतःच्याच दाबाने मरतात, म्हणून तो चिरा असतो. सूज उतरली की तो बंद करतात.

घरी आल्यावर काही आठवड्यांनी टाक्यांजवळ गाठ आली आणि बोट ठेवल्यावर ती नाडीसारखी उडत असेल, तर गळू समजून कुणाकडूनही फोडून घेऊ नका. ती फाटलेल्या धमनीतून बाहेर येऊन साचलेल्या रक्ताची गाठ असू शकते. आधी डॉपलर, म्हणजे रक्ताचा प्रवाह दाखवणारी सोनोग्राफी, करून घ्या.